तमिळ सिनेमा शोधला की फोनमध्ये जाहिरातींचा धुमाकूळ : साफ करूनही परत का येतो

आधी लक्षणं लिहितो, म्हणजे तुमचं दुखणं हेच आहे का ते कळेल.

नोटिफिकेशनच्या पट्टीत दर पाच मिनिटांनी 'तुमच्या फोनमध्ये व्हायरस सापडला' असा इशारा येतो. मधूनच रमी, झटपट कर्ज, नको ते फोटो. ब्राउझर उघडला की भलतंच पान समोर येतं. गूगलमध्ये नुसतं 'तमिळ' लिहिलं तरी खाली सुचवले जाणारे शब्द चारचौघांत वाचण्यासारखे नसतात. दुकानदाराने फोन साफ करून दिलेला असतो, काही दिवस तो बरा चालतो, आणि रजनीकांत किंवा विजयचा नवा सिनेमा लागला की त्या आठवड्यात पहिले पाढे पंचावन्न.

मी नोकरीनिमित्त चेन्नईत राहतो. त्यामुळे गावाकडच्या नातेवाइकांना मी तमिळ सिनेमाचा आणि मोबाइलचा, दोन्हींचा जाणकार वाटतो. मोठा सिनेमा लागला की 'दादा, कुठे मिळेल?' आणि पाठोपाठ 'दादा, मोबाइल परत बिघडला' असे दोन्ही फोन येतात, पुष्कळदा एकाच माणसाचे. हे दोन प्रश्न एकच आहेत. फोन साफ होतो, पण शोधायचे शब्द तेच राहतात. म्हणून साफसफाई खाली दिलीच आहे, पण त्याआधी शब्दांबद्दल सविस्तर.

दोष कुठल्या शब्दांत आहे

बहुतेक जण सिनेमाच्या नावापुढे 'तमिळरॉकर्स', 'फुल मूव्ही', 'एचडी', 'फ्री डाउनलोड', 'हिंदी डब्ड' यांतलं काहीतरी जोडतात. यातला सगळ्यात खोटा शब्द पहिला.

तमिळरॉकर्स ही चोरीच्या सिनेमांची साइट २०११ च्या सुमारास सुरू झाली. त्याआधी चेन्नईत 'तिरुट्टू व्हीसीडी'चा, म्हणजे चोरीच्या सीडीचा, जमाना होता. बीच स्टेशनजवळचा बर्मा बाजार त्यासाठी प्रसिद्ध. तिथे फसलात तर फार तर सीडी अडकायची आणि पैसे बुडायचे. तमिळरॉकर्सने तो धंदा इंटरनेटवर नेला. मार्च २०१८ मध्ये केरळ पोलिसांनी या प्रकरणात काही जणांना अटक केली, आणि २०२० च्या अखेरीस साइट गुंडाळली गेली. आज त्या नावाने जे काही दिसतं त्याचा मूळ टोळीशी संबंध असेलच असं नाही. मालक परागंदा झाला, दुकानाची पाटी तशीच राहिली, आणि त्या पाटीखाली आता कोणीही येऊन बसतं. पाटी ओळखीची म्हणून गिऱ्हाईक आत जातं. ज्याच्याकडे दाखवायला सिनेमाच नाही तोसुद्धा हे नाव लावतो, कारण लोक ते रोज शोधतात.

या नावाला जिवंत ठेवण्यात काही बातम्यांच्या साइट्सचाही हात आहे, आणि मला तो भाग सगळ्यात हीन वाटतो. सिनेमा लागला त्याच दुपारी बातमी येते : अमुक सिनेमा लीक, एचडीमध्ये डाउनलोडसाठी उपलब्ध. मजकुरात साइटची नावं पाच-सहा वेळा, '७२०पी', '१०८०पी' हे आकडे, आणि शेवटी 'आम्ही पायरसीचं समर्थन करत नाही' अशी एक ओळ. बातमी म्हणून त्यात काहीच नसतं. लोक जे शब्द शोधतात ते पानावर असावेत एवढाच हेतू. वाचणाऱ्याचा मात्र समज होतो की वर्तमानपत्रातच आलंय म्हणजे कॉपी कुठेतरी नक्की आहे. मग तो खालच्या निकालांवर बोट ठेवतो, आणि तिथे सापळा असतो.

'एचडी'चंही तसंच. साधा हिशोब करा. चोरीची स्वच्छ कॉपी येते ती प्रामुख्याने ओटीटीवरून, आणि मोठे तमिळ सिनेमे ओटीटीवर यायला सहसा चार-पाच आठवडे लागतात. त्याआधी जे फिरतं ते बहुधा थिएटरमध्ये फोन धरून केलेलं रेकॉर्डिंग : तिरका पडदा, पुढच्याचं डोकं, शिट्ट्या. जुलै २०२४ मध्ये तिरुवनंतपुरमच्या थिएटरमध्ये धनुषचा 'रायन' रेकॉर्ड करताना मदुराईचा एक जण पकडला गेला, तो याच कामावर होता. क्वचित स्वच्छ प्रिंटही फुटते, नाही असं नाही. पण पहिल्या दिवशी 'एचडी' लिहिलेलं दिसलं तर ते आमिष आहे असंच धरून चाला.

पहिला दिवस म्हणजे तरी किती वाजल्यापासून? जानेवारी २०२३ मध्ये चेन्नईतल्या एका थिएटरबाहेर मध्यरात्रीच्या शोच्या जल्लोषात एका चाहत्याचा जीव गेला. त्यानंतर तमिळनाडूत पहाटेचे शो बंद झाले आणि पहिला खेळ सकाळी नऊला आला. केरळात मात्र विजयचा 'लिओ' पहाटे चारला लागला होता. म्हणजे चेन्नईचा माणूस तिकीट घेऊन रांगेत उभा असतो तेव्हा शेजारच्या राज्यात सिनेमा बघून लोक बाहेर पडलेले असतात आणि मोबाइलवर तुकडे फिरायला लागलेले असतात. याच चार-पाच तासांत सगळ्यात जास्त लोक 'लीक' शोधतात, आणि सापळे लावणाऱ्यांना ते पक्कं ठाऊक असतं.

जानेवारी २०२१ मध्ये विजयच्या 'मास्टर'च्या बाबतीत तर प्रदर्शनाच्या दोन दिवस आधीच काही दृश्यं बाहेर आली. दिग्दर्शक लोकेश कनगराज यांनी ती पुढे पाठवू नका अशी जाहीर विनंती केली. बाहेर आले होते ते तुकडे. सिनेमा १३ तारखेला लागला आणि २९ ला प्राइम व्हिडिओवर आलासुद्धा. सोळा दिवसांचा प्रश्न होता.

नाव चुकलं की वाट चुकते

हा भाग मराठी माणसाला जास्त नडतो. तमिळ सिनेमांची नावं परत परत वापरली जातात. धनुषचेच बघा : 'पोल्लादवन', 'पडिक्कादवन', 'माप्पिळ्ळै', 'तंगमगन' ही चारही नावं आधी रजनीकांतच्या सिनेमांची. 'विक्रम' तर १९८६ चाही कमल हासनचा आणि २०२२ चाही कमल हासनचाच. त्यात हिंदीत डब करताना नाव बदलतं. 'अन्नियन' हिंदीत 'अपरिचित' झाला, 'एंदिरन' हिंदीत 'रोबोट'. (२००६ पासून तमिळ नावाच्या सिनेमाला तमिळनाडूत करमणूक कर माफ होऊ लागला, त्यामुळे तिथे इंग्रजी नाव टाळायला निर्मात्यांकडे चांगलं कारण होतं.)

रोमन लिपीतलं स्पेलिंग आणखी वेगळं. तमिळ माणूस 'त'साठी टी आणि एच लिहितो, आपण नुसता टी लिहितो. 'कत्ती', 'तुप्पाक्की' ही नावं आपल्या सवयीने टाइप केली की अधिकृत स्पेलिंगशी जुळत नाहीत. अधिकृत पानावर एकच स्पेलिंग असतं. सापळ्याच्या पानावर मात्र होऊ शकतील तेवढी सगळी स्पेलिंग्ज खाली बारीक अक्षरांत कोंबलेली असतात. गूगल बऱ्याचदा दुरुस्त करून घेतं, पण नाव कमी परिचित असेल तर चुकीच्या स्पेलिंगला नेमकी चुकीची पानं वर येतात.

यूट्यूबवर 'फुल मूव्ही' लिहिलं की अडीच-तीन तासांचे व्हिडिओ दिसतात. उघडलं तर एकच पोस्टर स्थिर, आणि 'सिनेमा खालच्या लिंकवर'. ती लिंक उघडू नका. चॅनेलच्या नावावर टिचकी मारून बाकीचे व्हिडिओ बघा. हक्क घेऊन सिनेमे दाखवणारे चॅनेल वर्षानुवर्षं चालू असतात, हिंदी डबिंगसाठी गोल्डमाइन्स हे त्यातलं ठळक उदाहरण. आठवड्यापूर्वी उघडलेला आणि तीनच व्हिडिओ असलेला चॅनेल सोडून द्या.

आणि 'तमिळ' हा शब्दच. अश्लील मजकूर विकणाऱ्यांनी भारतीय भाषांची नावं आणि नट्यांची नावं खुणेसारखी वापरून ठेवली आहेत. त्यामुळे शाळेच्या प्रकल्पासाठी पोंगलची रांगोळी किंवा तमिळ अंगाईगीत शोधणाऱ्या मुलीलाही तेच सुचवलं जातं. यात त्या मुलीचं काही चुकलेलं नाही, उगाच रागावू नका. विषयाचं नाव विकिपीडियावरून तमिळ लिपीत उचलून चिकटवा. सापळ्याची पानं मुख्यतः रोमन लिपीवर पोसलेली असतात, तमिळ लिपीतले निकाल मला नेहमी बरेच स्वच्छ मिळाले आहेत.

साफसफाई : अँड्रॉइड फोन

सुरुवात क्रोमपासून करा. निम्मं दुखणं तिथेच संपतं. सापळ्याच्या पानावर 'तुम्ही रोबोट नाही हे सिद्ध करण्यासाठी अलाउ दाबा' असं येतं. ते दाबणं म्हणजे त्या साइटला नोटिफिकेशन पाठवायची परवानगी देणं. फोनमध्ये व्हायरस नसतोच, तुम्हीच दार उघडून दिलेलं असतं. क्रोममध्ये उजवीकडचे तीन ठिपके, सेटिंग्ज, साइट सेटिंग्ज, नोटिफिकेशन्स. तिथे परवानगी मिळालेल्या साइट्सची यादी दिसेल. ओळखीची नसलेली प्रत्येक साइट ब्लॉक करा, आणि वरचं मुख्य बटणही बंद करा, म्हणजे यापुढे कोणी विचारणारच नाही.

तरीही जाहिराती येत असतील, विशेषतः ब्राउझर बंद असताना पूर्ण पडदा व्यापून, तर एखादं ॲप शिरलंय. 'सिनेमा बघण्यासाठी हा प्लेअर टाका' म्हणून एपीके, म्हणजे प्ले स्टोअरबाहेरून टाकायची ॲपची फाइल, दिली जाते. सेटिंग्जमधल्या ॲप्सच्या यादीत अलीकडे आलेली ॲप्स बघा. नाव 'अपडेट', 'प्लेअर' असं मोघम असेल, चिन्ह कोरं असेल, तर तेच. अनइन्स्टॉलचं बटण दबत नसेल तर त्या ॲपने डिव्हाइस ॲडमिनचा हक्क घेतलेला असतो. सेटिंग्जच्या शोधपट्टीत 'डिव्हाइस ॲडमिन' लिहून तो आधी काढा, मग ॲप निघेल. तसंच 'ॲक्सेसिबिलिटी'त जाऊन बघा. तिथे अनोळखी ॲप चालू दिसलं तर ते पडदा वाचू शकतं, म्हणजे ओटीपीही. शेवटी 'इन्स्टॉल अननोन ॲप्स' या जागी क्रोम, टेलिग्राम, व्हॉट्सॲप आणि फाइल मॅनेजर, सगळ्यांची परवानगी बंद करा आणि प्ले स्टोअरमधलं प्ले प्रोटेक्टचं स्कॅन चालवा.

त्या एपीकेला एसएमएस वाचायची परवानगी दिली होती आणि त्याच फोनवर बँकेचं ॲप आहे, अशी जोडी जमली असेल तर वरच्या कशात वेळ घालवू नका. फोनचं नेट बंद करा, दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवा, पासवर्ड बदला. पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनवर तक्रार करा. उशीर झाला की रक्कम पुढे सरकत जाते आणि थांबवणं अवघड होतं. यूपीआय ॲपमधले ऑटोपेही तपासा. 'आयुष्यभर सगळे ओटीटी ९९ रुपयांत' वाल्यांनी तिथे दरमहाची वसुली लावून ठेवलेली असू शकते.

संगणक

इथे प्रकरण जास्त गंभीर आहे. मार्च २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्टने एका मोहिमेची माहिती प्रसिद्ध केली. ती बेकायदा स्ट्रीमिंग साइट्सवरच्या जाहिरातींतून सुरू झाली होती आणि जगभरात जवळपास १० लाख उपकरणांपर्यंत पोचली होती. उद्देश पासवर्ड आणि इतर माहिती पळवणं.

दोन गोष्टी ओळखून ठेवा. एक, सिनेमाची फाइल म्हणून आलेली आणि शेवटी 'ईएक्सई' असलेली फाइल. विंडोज ही शेपटी लपवून ठेवतं. फाइल एक्सप्लोररमध्ये 'व्ह्यू'मध्ये जाऊन फाइल नेम एक्स्टेन्शन्स दिसू द्या. दोन, 'विंडोज आणि आर दाबा, मग कंट्रोल-व्ही, मग एंटर' असं सांगणारा खोटा कॅप्चा, म्हणजे 'तुम्ही रोबोट नाही' हे तपासण्याचं सोंग. कुठलाही खरा कॅप्चा तुम्हाला कीबोर्डवर अशी कवायत करायला लावत नाही. ती केली असेल तर संगणकाचं नेट तोडा, दुसऱ्या उपकरणावरून ईमेलचा पासवर्ड बदला आणि 'सगळीकडून लॉगआउट' करा. नुसता पासवर्ड बदलून भागत नाही, चालू लॉगिनही चोरलेलं असतं. मग विंडोज नव्याने टाका. इथे अँटिव्हायरस चालवून समाधान मानणाऱ्यांशी मी वाद घालत नाही, पण मी स्वतः फॉरमॅटच करतो.

'तुम्ही गुन्हा केला आहे' असं पान आलं तर

ही पानं दोन प्रकारची. पहिलं खरं असतं : दूरसंचार विभागाच्या किंवा न्यायालयाच्या आदेशाने साइट बंद आहे एवढंच सांगणारं. मद्रास उच्च न्यायालयात हे आदेश जुने आहेत. २०१२ मध्ये '३' या सिनेमासाठी मिळालेल्या आदेशावरून इंटरनेट कंपन्यांनी विमिओसारख्या व्हिडिओच्या कायदेशीर साइट्सही बंद करून टाकल्या, मग न्यायालयाला स्पष्ट करावं लागलं की नेमके पत्तेच बंद करा. २०१८ मध्ये रजनीकांतच्या '२.०' या सिनेमाच्या वेळी १२ हजारांहून जास्त पत्ते बंद करण्याचा आदेश झाला. काल चाललेली साइट आज का उघडत नाही याचं उत्तर हेच. 'साइटचा नवीन पत्ता' म्हणून टेलिग्रामवर जे येतं, नकली साइटवाल्यांचा मासा तिथेच गळाला लागतो.

मुंबई उच्च न्यायालयाचा एक आदेश या संदर्भात वाचण्यासारखा आहे. २०१६ मध्ये बंद साइटवर असा मजकूर दिसायचा की नुसतं पाहिलं तरी तीन वर्षं कैद. लोक हबकले. 'ढिशूम' या हिंदी सिनेमाच्या प्रकरणात न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी तो मजकूर सुधारायला लावला. नुसतं पाहणं हा गुन्हा नसून परवानगीशिवाय वाटणं, जाहीरपणे दाखवणं, विकणं किंवा भाड्याने देणं हा गुन्हा आहे, असं त्यांनी नोंदवलं. म्हणून चोरीचं पाहावं असा याचा अर्थ नाही. आणि टोरंटने, म्हणजे एकमेकांच्या संगणकांवरून, फाइल उतरवणाऱ्यांनी तर जपूनच राहावं, कारण तिथे उतरवताना तुमच्याकडून पुढे वाटणंही चालू असतं. थिएटरमध्ये रेकॉर्डिंग करणाऱ्याला २०२३ च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्ती कायद्याने किमान तीन महिने ते तीन वर्षं कैद आणि किमान ३ लाख रुपये दंड आहे. तमिळनाडूने तर २००४ मध्येच व्हिडिओ चोरांना गुंडा कायद्यात घातलं, महाराष्ट्राने तशाच एमपीडीए या स्थानबद्धतेच्या कायद्यात २००९ मध्ये.

दुसरं पान खोटं : पोलिसांचं चिन्ह, तुमच्या शहराचं नाव, उलटा चालणारा घड्याळाचा काटा आणि 'दंड इथे भरा'. पोलीस ब्राउझरमध्ये दंड गोळा करत नाहीत. टॅब बंद करा. होत नसेल तर क्रोम 'फोर्स स्टॉप' करा. भरू नका.

मग शोधायचं कसं

विकिपीडियावर नटाच्या किंवा दिग्दर्शकाच्या पानावरून सिनेमाचं अधिकृत नाव आणि वर्ष काढा. मग नाव, वर्ष, दिग्दर्शक आणि 'ओटीटी' एवढंच लिहा. 'फ्री', 'फुल', 'डाउनलोड' यांतलं काही नको. उलट 'डाउनलोड'च्या आधी उणे चिन्ह लावलं तर ती पानं गळतात. त्याहून सोपं म्हणजे जस्टवॉच या साइटवर भारत निवडून नाव टाका, कुठल्या सेवेवर आहे ते कळतं. सन पिक्चर्सचे आणि बरेच जुने सिनेमे सन नेक्स्ट या ओटीटीवर सापडतात, ते बघायचं लोकांच्या लक्षातच येत नाही.

एक खाचखळगा : 'सिंपली साउथवर आला' अशी पोस्ट वाचून लोक समजतात की सिनेमा ओटीटीवर आला. ती सेवा प्रामुख्याने भारताबाहेरच्या प्रेक्षकांसाठी आहे. दुबईतल्या भावाला दिसेल, तुम्हाला नाही.

हिंदीचं गणित आणखी वेगळं. राष्ट्रीय मल्टिप्लेक्स साखळ्या हिंदी आवृत्तीसाठी आठ आठवड्यांचं अंतर मागतात, तमिळ निर्माते चार-पाच आठवड्यांत ओटीटीवर येतात. या ओढाताणीत 'लिओ'ची हिंदी आवृत्ती त्या साखळ्यांत लागलीच नाही. पुण्या-नागपुरात हिंदी खेळ न दिसल्यावर लोक थेट 'हिंदी डब्ड डाउनलोड'कडे वळतात. ओटीटीवर तमिळ आधी आणि हिंदी नंतर असंही होतं, तेव्हा पैसे भरण्यापूर्वी सिनेमाच्या पानावर आवाजाच्या भाषांची यादी बघा. मुंबईकरांना तमिळमध्येच चालत असेल तर माटुंगा-धारावीच्या आसपास तमिळ खेळ लागतात का ते तिकिटाच्या ॲपवर बघा, भाषेचा फिल्टर 'तमिळ' ठेवून.

फॉरमॅटनंतरही परत आलं तर

तीन जागा राहून गेलेल्या असतात. संगणकावर क्रोममध्ये पुन्हा लॉगिन केलं की सिंकमुळे जुनी एक्स्टेन्शन्स, म्हणजे ब्राउझरला जोडलेली छोटी ॲप्स, आपोआप परत येतात, त्यात तो घातक तुकडाही. लॉगिन केल्याबरोबर एक्स्टेन्शन्सची यादी उघडा आणि अनोळखी सगळं काढा. फोनवर क्रोमखेरीज कंपनीचा स्वतःचा ब्राउझर असतो, त्याच्या नोटिफिकेशन्स वेगळ्या बंद कराव्या लागतात. आणि गूगल खात्याच्या 'माय ॲक्टिव्हिटी'तले जुने शोध तसेच असतात, ते पुसल्याशिवाय शोधपट्टीत तेच शब्द पुन्हा वर येतात. पुसून झालं की गूगलचं सेफसर्च, म्हणजे अश्लील निकाल गाळणारं सेटिंग, 'फिल्टर'वर ठेवा. घरात लहान मुलं असतील तर अँड्रॉइडच्या 'प्रायव्हेट डीएनएस' या सेटिंगमध्ये क्लाउडफ्लेअर या इंटरनेट कंपनीचा कुटुंबांसाठीचा पत्ता टाका. तो त्यांच्या साइटवर मिळतो, घातक आणि अश्लील साइट्स दोन्ही अडवतो, आणि पैसे लागत नाहीत.